महाविद्यालयीन बास्केटबॉल घरबसल्या दिसू द्या

महोदय,
माझी पुतणी महाविद्यालयाच्या बास्केटबॉल संघात खेळते. सामने मुंबईत, आम्ही देवगडात. वादळात तुटलेली केबल आम्ही परत जोडली नाही. मोबाइलवर सगळं दिसतं, फक्त हेच सामने नाहीत. तिने शेवटच्या क्षणी मारलेला बास्केट आम्ही फोनवर नुसता ऐकला. आजी अजून विचारतात, उडी कशी मारली गो तिने?

अमेरिकेत 1939 साली 8 संघांनिशी सुरू झालेली महाविद्यालयीन स्पर्धा आज केबलशिवायही पाहता येते. सीबीएस वाहिनीवरचे सामने साध्या अँटेनावर फुकट दिसतात, बाकीचे पैसे भरून इंटरनेटवर. आपल्याला एवढा पसारा नकोच. कोर्टाच्या कडेला ट्रायपॉडवर एक मोबाइल, गुणफलक दिसेल असा कोन आणि यूट्यूबची लिंक पुरे. विद्यापीठाने याच हंगामापासून, निदान मुलींच्या अंतिम सामन्यापासून तरी, हे करावं.

— एक वाचक, देवगड