आप्पा, पायाचं माप पाठवा

रोम,
रविवार, रात्री साडेनऊ

तीर्थरूप आप्पा आणि आई यांस,
शिरसाष्टांग नमस्कार. ताईला साधा नमस्कार.

आप्पांच्या डोळ्याचं ऑपरेशन नीट झालं हे ऐकून जीव भांड्यात पडला. कोल्हापूरला ताईकडे राहून केलंत ते फार बरं झालं. बेळगावात, वडगावच्या घरी असता तर दुसऱ्या दिवशी हिरवी पट्टी बांधून सायकल दुकानाची फळी उघडली असतीत. व्हिडिओ कॉलवर आप्पा फोन कानाला लावतात आणि मला दहा मिनिटं नुसता कानच दिसतो, म्हणून हे पत्र. ऑफिसातला सांगलीचा एकजण मंगळवारी निघालाय, त्याच्या हाती देतेय. पाकिटावर 'कोल्हापूर, महाराष्ट्र' लिहिताना हसू आलं. बेळगावचा पत्ता सांगताना आप्पा राज्याचं नाव गिळून थेट पिन कोडावर येतात, तसं यावेळी करावं लागलं नाही. ताई, मोठ्यानं वाच. आप्पा "पुढं, पुढं" म्हणाले तरी ओळी गाळू नकोस.

आप्पा, आज मी सायकल चालवली. रोमच्या बाहेर, तीसेक किलोमीटर, आणि दमले नाही. हे तुम्हाला खरं वाटणार नाही, म्हणून आधीच सांगते, सायकल बॅटरीची होती.

इथं पैसे भरले की सायकल, हेल्मेट आणि वाटाड्या असं सगळं एकदम मिळतं. वाटाड्या पुढं आणि आम्ही आठजण मागं, शाळेच्या सहलीसारखे. किती पैसे ते सांगत नाही. आई लगेच रुपयांत गुणेल आणि मग पुढचं तिला काही ऐकू येणार नाही.

सायकल हातात आल्यावर मी आधी अंगठ्यानं टायर दाबला. मग मागचं चाक उचलून फिरवलं आणि आउट आहे का, म्हणजे डुलतंय का, ते बघितलं. वाटाड्या हसायला लागला. त्याला काय माहीत, मी पंक्चरच्या सोल्यूशनच्या वासात वाढलेली.

तुमचा पहिला प्रश्न: मोटर कुठं? बरोबर मध्ये, आपण जिथं पायडलचा कणा, बी.बी. एक्सल, बसवतो तिथं. पायडलवर आपण किती जोर देतो ते आतला सेन्सर मोजतो आणि त्या हिशेबानं मोटर हातभार लावते. पाय थांबले की मोटर थांबली, म्हणजे लुनासारखं नुसतं बसून जाता येत नाही. मी सायकल शिकताना तुम्ही मंगाईच्या देवळाजवळ कॅरिअर धरून मागनं पळायचात ना, अगदी तसं वाटतं. ताशी 25 किलोमीटर झाले की मात्र मोटर हात काढून घेते, इथला कायदाच तसा आहे. मोटर 250 वॉटची. वजन वीस किलोच्या पुढं. बॅटरी फ्रेमच्या तिरक्या दांडीवर कुलूप घालून बसवलेली. बाकी चेन, फ्रीव्हील, टायर-ट्यूब सगळं आपलंच, तुम्हाला डोळे झाकून जमेल. (ताई, 'डोळे झाकून' मुद्दाम लिहिलंय. हसले का बघ.)

आमच्या टोळीत चौऱ्याहत्तर वर्षांच्या एक जर्मन आजी होत्या. दोन्ही गुडघे बदललेले. आप्पा, हे वाक्य लक्षात ठेवा, मी परत तिथं येणार आहे.

गेलो ते आप्पिया नावाच्या रस्त्यानं. इसवी सनापूर्वी 312 मध्ये आप्पियस क्लॉडियस नावाच्या अधिकाऱ्यानं तो बांधायला घेतला. नाव ऐकल्याबरोबर माझ्या डोक्यात 'आप्पांचा रस्ता' झाला तो झालाच, दिवसभर तेच म्हणत होते. आधी कापुआ गावापर्यंत होता, मग पार इटलीच्या टाचेतल्या ब्रिंडिसी बंदरापर्यंत गेला. शहराची जुनी वेस ओलांडली की काही वेळानं दोन्ही बाजूंना छत्रीसारखी पाइनची झाडं लागतात आणि मध्ये हा रस्ता, मागावरच्या ताण्यासारखा सरळ. वाकायचं नावच नाही. येळ्ळूरचा रस्ता बघा, कुणाचं शेत चुकवत, कुणाच्या विहिरीला वळसा घालत जातो. मला तो जास्त माणसातला वाटतो, पण ते असो.

फरसबंदीचा दगड काळा, ज्वालामुखीचा, आपल्या फत्तराच्या जातीतला. एकेक दगड परातीएवढा आणि वरनं गुळगुळीत झालेला. दोन गाड्या समोरासमोरनं जातील एवढी रुंदी, चारेक मीटर. आणि त्यात चाकोऱ्या! आपण 'चाकोरीतलं आयुष्य' वगैरे नुसतं बोलायला म्हणतो. मी उतरून एका चाकोरीत हात घातला. चार बोटं आडवी आत गेली. गाड्यांच्या लोखंडी धावांनी दगड झिजलाय. आत रात्रीच्या पावसाचं थोडं पाणी होतं आणि पाइनच्या सुया.

त्या दगडांवरनं सायकल म्हणजे दात हलतात. बॅटरी असू दे नाहीतर इंजिन. सगळे कडेच्या मातीच्या पायवाटेवरनं चालले होते. मी हट्टानं शंभरेक मीटर मधनं गेले आणि हँडल धरून धरून मनगटं बधिर झाली. 1960 च्या ऑलिंपिकची मॅरेथॉन याच रस्त्यावरनं गेली होती, आणि इथिओपियाचा अबेबे बिकिला ती अनवाणी पळाला आणि जिंकला. माझी तक्रार तिथंच बंद झाली.

2024 मध्ये या रस्त्याला जागतिक वारशाचा मान मिळाला, आणि ती बैठक भरली होती आपल्या दिल्लीत. पुढच्या वर्षी पॅरिसच्या बैठकीत पन्हाळ्यासकट मराठ्यांच्या बारा किल्ल्यांना मिळाला. म्हणजे यांचं लग्न आपल्या मांडवात आणि आपलं यांच्या शेजारच्या मांडवात.

रस्त्याच्या दोन्ही कडांना थडगी. गावात पुरायचं नाही असा रोमन कायदा होता, म्हणून मेल्यावर सगळे वेशीबाहेर. गरिबांना जमिनीखाली भुयारं, पैसेवाल्यांना रस्त्याला लागून इमारती. सगळ्यात मोठी चेचिलिया मेतेला नावाच्या बाईची. गोल, बुरुजासारखी. वर कडेनं बैलांच्या कवट्या आणि फुलांच्या माळा कोरल्यात. मला आपला कर्नाटकी बेंदूर आठवला, आणि लगेच वाटलं, आपण जित्या बैलाला माळ घालतो ते बरं. या बाईचा सासरा क्रॅसस. त्यानं इसवी सनापूर्वी 71 मध्ये स्पार्टाकसच्या गुलामांचं बंड मोडलं आणि सहा हजार माणसं कापुआपासून रोमपर्यंत याच रस्त्याच्या कडेनं क्रुसावर टांगली. त्या सहा हजारांचा इथं एक दगड नाही. सुनेचा बुरुज आहे. वाटाड्यानं हे सांगितलं आणि पाणी प्यायला निघून गेला. बरं केलं, वर भाषण दिलं नाही.

आता तुमचा भाग. रस्ता सोडून खालच्या माळावर उतरलो. मेंढरांचा एक कळप आडवा आला, धनगर मात्र जॅकेट घातलेला. तिथंच आजींचं पुढचं चाक बसलं. वाटाड्याकडं पंप होता, ठिगळं होती, पण त्याला भोक सापडेना. ट्यूब कानाशी धरून ऐकतोय, गालाला लावतोय. वाऱ्यात काय ऐकू येणार? इथं ठिकठिकाणी ओतीव लोखंडाचे नळ आहेत, 1874 पासूनचे. तोटीच्या आकारावरनं लोक त्यांना 'नासोने' म्हणतात, म्हणजे मोठं नाक. तसला एक नळ जवळ होता. मी माझा चपाती-भाजीचा डबा रिकामा केला (चपात्या हेल्मेटमध्ये ठेवल्या), नळावर भरून आणला आणि ट्यूबमध्ये हवा मारून वीत-वीत करत पाण्यातनं सरकवली. तिसऱ्या वितेला बुडबुडे. बारीक, एका रांगेत, तेलाचा हात लागल्यामुळं रंगीत. सगळे भोवती वाकून बघत होते, गारुड्याचा खेळ असल्यासारखे.

ठिगळ लावून वाटाड्या लगेच ट्यूब आत घालायला निघाला. मी म्हटलं, थांब. तुमचं वाक्य तोंडात आलं होतं, "काटा काढल्याशिवाय ठिगळ म्हणजे चहाचे पैसे वाया." त्याला इंग्रजीत कसं सांगू? टायरच्या आतनं बोट फिरवून दाखवलं आणि काटा माझ्याच बोटात घुसला. थेंबभर रक्त. तेही तुमच्याच पद्धतीचं म्हणायचं. आजींनी पर्समधनं पट्टी काढून बांधली आणि विचारलं, हे कुठं शिकलीस? मी म्हटलं, बेळगाव, वडगाव, आमच्या आप्पांच्या दुकानात. त्यांना बेळगाव कुठंय ते कळायला गोव्यापासून सुरुवात करावी लागली.

पुढं उघड्या शेतात पाण्याच्या कमानी. क्लॉडियस बादशहाच्या काळात, इसवी सन 52 मध्ये पूर्ण झालेला पाट. एकूण लांबी साधारण 69 किलोमीटर, बराचसा जमिनीखालनं, आणि शहराजवळ आल्यावर उंच कमानींच्या डोक्यावरनं. पंप नाही, काही नाही, नुसता उतार धरून डोंगरातलं पाणी गावात. आई, मला तुझं पिंप, दोन कळश्या आणि "राकसकोपचं धरण भरलं म्हणतात, मग नळ का कोरडा?" हे आठवलं. त्या कमानींखाली पोरं फुटबॉल खेळत होती आणि बॉल दोन हजार वर्षांच्या खांबावर आपटत होता. कुणी ओरडत नव्हतं.

चहाच्या वेळी, म्हणजे त्यांच्या कॉफीच्या वेळी, मी वाटाड्याला सांगितलं की तुमच्या लोकांनी आमच्याकडं एक देव पाठवलाय. त्याला पटेना. मग मोबाईलवर फोटो दाखवला. ताई, तुझ्या घरापासून टाऊन हॉलचं म्युझियम किती लांब आहे? रिक्षानं दहा मिनिटं? पंचगंगेकाठच्या ब्रह्मपुरीच्या टेकडीवर चाळीसच्या दशकात खोदकाम झालं, त्यात पोसायडनची ब्राँझची छोटी मूर्ती निघाली. समुद्राचा देव. सातवाहनांच्या काळात रोमशी व्यापार चालायचा, त्या वाटेनं आलेली. ती त्या म्युझियममध्ये आहे. आप्पांचा डोळा बरा झाला की त्यांना घेऊन जा. पहिली बघायची वस्तू म्हणून तीच दाखव, नाहीतर ते दारातल्या तोफांपाशीच रमतील.

आणि आप्पा, आपल्या वडगाव-माधवपूरला जमिनीखाली त्याच सातवाहनांच्या वेळचं गाव निघालं, हे मला शाळेत कुणी सांगितलं नाही. तुम्ही सांगितलंत, पंक्चर काढता काढता, "आपण कुणाच्या तरी छपरावर बसलोय" असं. मी "होय होय" म्हणून गृहपाठ करत बसले. आज वाटाड्या तेच वाक्य वेगळ्या भाषेत बोलला आणि मी वही काढून लिहून घेतलं. पैसे देऊन.

आता हलशीचं. मी नववीत असताना तुम्ही मला सायकलनं हलशीला न्यायला काढलंत. चाळीसेक किलोमीटर. खानापूर यायच्या आधीच मी रस्त्याच्या कडेला बसून रडले, आणि तुम्ही एक शब्द न बोलता दोन्ही सायकली टेंपोत चढवून परत फिरलात. हलशी राहिली. तुम्ही सांगायचात तेवढीच मला माहीत: कदंबांची राजधानी, पलाशिका नाव, एका देवळात दोन गाभारे समोरासमोर. एकात नरसिंह, दुसऱ्यात भूवराह, आणि मध्ये उभं राहिलं की पाठ कुणाकडं करायची हा प्रश्न. नंतर तुमचा डावा गुडघा गेला आणि तुम्ही स्वतःची सायकल विकलीत. दुसऱ्यांच्या सायकली दुरुस्त करता आणि दुकानात चालत जाता. मला ते बघवत नाही, हे आजवर बोलले नव्हते.

म्हणून त्या आजी. चढाला त्या माझ्या पुढं होत्या. मी विचारलं, गुडघा दुखत नाही? म्हणाल्या, चालताना दुखतो, यावर बसल्यावर नाही. तुमच्या डॉक्टरांना विचारल्याशिवाय काही करायचं नाही, तेवढी अक्कल मला आहे. इथनं सायकल आणता येणार नाही, एवढी मोठी बॅटरी विमानात घेत नाहीत. पण आपल्याकडंही 250 वॉट आणि ताशी 25 किलोमीटरपर्यंतच्या बॅटरीच्या सायकलला लायसन लागत नाही, नंबर प्लेट लागत नाही. मी जानेवारीत येतेय. दोन सायकली भाड्यानं नाहीतर विकत, ते मी बघते. एका दिवसात होणार नाही, तर खानापूरला मुक्काम करू.

ताई, एवढं कर. शिवणाच्या डब्यातली टेप घे. आप्पांना अनवाणी भिंतीला टेकून उभं कर, दोन पायांच्या मध्ये जाड पुस्तक वरपर्यंत आडवं धरायला सांग, आणि जमिनीपासून पुस्तकाच्या वरच्या कडेपर्यंत सेंटीमीटरमध्ये मोज. फ्रेमचं माप त्यावरनं ठरतं. आप्पा म्हणतील, मला माहितेय माझं माप, बावीसची फ्रेम. ऐकू नकोस. ते वीस वर्षांपूर्वीचं आहे.

तुमची,
बेबी

ता. क. आई, चपात्या हेल्मेटमधनं काढून खाल्ल्या. वाया घालवल्या नाहीत.