गुडघ्याचं लिहायचं नाही, असं ठरवून

परभणी

चि. मुक्ता हिस अनेक आशीर्वाद.

तुझा निळा रबरी पट्टा खिडकीच्या गजालाच राहिला. आई म्हणाली, कुरिअर करून टाका, सोबत शेंगदाण्याची चटणी अन् तिळाच्या पोळ्या देऊ. खोकं भरलं, वर थोडी जागा उरली, म्हणून हे पत्र. फोनवर आपलं जमत नाही. दोन वाक्यांत माझा आवाज चढतो, तुझा बंद होतो, मग आई फोन काढून घेते.

आधीच सांगतो, गुडघ्याचं काही लिहिणार नाही. ऑपरेशनला नऊ महिने व्हायच्या आत खेळायला निघालीस, त्यावर भांडून झालं.

त्या रात्री स्टेशनवर आलो नाही. ड्युटी आहे म्हणून बारक्याजवळ निरोप दिला होता, तो खोटा होता. ड्युटी नव्हती. एसटी डेपोच्या कँटीनला बसलो होतो. देवगिरीचा भोंगा तिथवर ऐकू येतो. बारक्या घरी आल्यावर त्याला पहिलं विचारलं ते हेच की डब्यात चढताना ताईनं आधी कुठला पाय टाकला. तो म्हणाला, मी बॅग देत होतो, पाय कशाला बघू. बघ, झालं सुरू.

भांडणात मी एक वाक्य बोललो ते मागे घेतो. गुडघ्याला टाके घातलेली पोरगी कोण करून घेईल, हे तुझ्या आत्याचं वाक्य आहे, माझं नाही. पण त्या दिवशी ते माझ्या तोंडातून आलं. तू काहीच बोलली नाहीस, ताट उचलून मोरीत ठेवलंस. ओरडली असतीस तर बरं झालं असतं.

पेपरातून तुझं नाव कापून ठेवायचो, तेव्हा डेपोतले म्हणायचे, तुमची मुलगी फुटबॉल खेळते, किती गोल मारले? सुरुवातीला मी खाली बघायचो. आता जिंतूरच्या गाडीत कोणी विचारलं तर सांगतो, ती मारत नाही, होऊ देत नाही. पुढच्या सीटवरचे हसतात. हसू देत. मला हे तू शिकवलंस, संपात. आठवतं ना, २०२१ च्या दिवाळीपासून आमचा संप, पगार बंद, मी दिवसभर घरात. अन् जानेवारीत बायकांच्या फुटबॉलचा आशिया चषक आपल्याच महाराष्ट्रात. तू चार्जिंगला लावलेला फोन पाण्याच्या तांब्याला टेकवून ठेवला होतास. भारत-इराण, २० जानेवारी. मी बॉलच्या मागे डोळे पळवत होतो. तू म्हणालीस, अप्पा, बॉल बघू नका, आशालतादीदीला बघा. मग बघितलं. ती कॅप्टन, बॉल दूर असला तरी तिचं तोंड चालू, हात चालू, हिला पुढे सरक, तिला मागे ये. मी म्हणालो, ही तर कंडक्टर आहे. मागच्या दाराशी उभं राहून अख्खी गाडी बघायची, कोण चढलं, कोण उतरायचं राहिलं, पुढचा ड्रायव्हर फक्त रस्ता बघतो. तू इतकी हसलीस की मॅच बघायची राहिली. शून्य-शून्य झाली ती.

अन् तीन दिवसांनी तैपेईच्या मॅचला आपण पुन्हा तसंच बसलो, तर बातमी आली की कोरोनामुळे आपल्याकडे तेरा पोरीसुद्धा उभ्या राहू शकत नाहीत. संपलं. स्पर्धाच संपली भारताची, घरच्या मैदानावर. तू त्या रात्री जेवली नाहीस. माझा पगार बंद झाला तेव्हासुद्धा घरात इतकं सुतक नव्हतं. त्याच आशालतादेवी पुढे भारताकडून शंभर मॅच खेळल्या, शंभरीला पोचलेली पहिली भारतीय बाई. ती बातमी तू मला पहाटे पाचला फोन करून सांगितलीस. मी मुक्कामी गाडीत झोपलो होतो, वाटलं घरी काही झालं.

शंभर मॅच म्हणजे किती वर्षं तिनं गुडघे सांभाळले असतील. असो.

२०१६ चा उन्हाळा तुला बारावं लागलं होतं. लातूरला मिरजेहून रेल्वेनं पाणी आणत होते. माझी परभणी-लातूर गाडी होती तेव्हा. लोक बसमध्ये पाण्याचे कॅन घेऊन चढायचे अन् मी सामानाचं तिकीट मागायचो नाही, वरून येणाऱ्या चेकरची भीती असूनही. आणि तू झेडपीच्या शाळेच्या त्या काळ्या मैदानात पोरांबरोबर पळायचीस. आपली काळी जमीन उन्हाळ्यात कशी फाटते, भेगांत हात जातो. एका भेगेत तुझा पाय अडकला, घोटा सुजला, आणि मी दोन वर्षं तुझं खेळणं बंद केलं. मी केलं, आईनं नाही. आईवर घालत होतो मी इतकी वर्षं. तू आता थट्टेत म्हणतेस, जगात जर्मनी, देशात परभणी, आणि त्या जर्मनीत १९५५ ते १९७० बायकांच्या फुटबॉलवर बंदी होती, तर परभणीनं मला दोनच वर्षं अडवलं. परभणीनं नाही अडवलं, बाई. मी अडवलं. तेव्हाही पायामुळेच.

खरं सांगू, तुझा गुडघा गेला तेव्हा मला ती भेगच आठवली. मी मॅच यूट्यूबवर बघत होतो, बसस्टँडच्या मागे उभा राहून. कोणी धक्का दिला नाही, कोणी पाय मारला नाही. ती दहा नंबरची तुझ्या बाजूनं निसटली, तू वळलीस, आणि बसलीस. एवढंच. चित्र अडकलं असं मला वाटलं, नेट गेलं असेल. मग स्ट्रेचर आलं. डॉक्टर नंतर म्हणाले, असंच होतं, एसीएल, गुडघ्यातली ती दोरी, बहुतेक वेळा धक्क्यानं नाही, वळताना नाहीतर उडी मारून खाली येताना तुटतं, अन् मुलींचं मुलांपेक्षा जास्त. तेव्हाच्या क्लबानं ऑपरेशनचे अर्धे पैसे भरतो म्हणाले होते, मग त्यांचे फोन लागेनात. त्याचं मला काही नाही. पतपेढीचं कर्ज माझ्या पगारातून फिटतंय, तू त्यात डोकं घालू नको. ते पैसे फेडायला तू लवकर उतरत असशील तर मात्र

हे वाक्य अर्धंच ठेवतो.

डॉक्टरांनी कागदावर चित्र काढून दाखवलं होतं. मांडीच्या मागची दोरी काढायची, गुडघ्यात बोगदा पाडून ओवायची. बाहेरून महिन्या-दीड महिन्यात सगळं ठीक दिसतं, आतली दोरी मात्र शरीराची व्हायला वर्षभर, जास्तही घेते. कमीत कमी नऊ महिने, आणि नऊ झाले तरी चाचणी पास झाल्याशिवाय मैदान नाही. तू म्हणतेस, ती इंग्लंडची लिया विल्यमसन पण डिफेंडर, पण कॅप्टन, २०२३ च्या एप्रिलमध्ये तिचं हेच तुटलं, वर्ल्डकप हुकला, आणि परत आलीच ना. आली. मी बोटं मोजली. एप्रिल ते जानेवारी. नऊ. आपले आठ अन् वर अकरा दिवस. कंडक्टरला हिशेब शिकवू नको.

जुलैमधला युरो कपचा फायनल आपण गच्चीवर बघितला, तुझा पाय उशीवर. इंग्लंड पेनल्टीवर जिंकलं, स्पेनसारख्या संघाला हरवून. दुसऱ्या दिवशी तू बातमी वाचून दाखवलीस की ती ल्युसी ब्राँझ, राइट बॅक, अख्खी स्पर्धा नडगीचं हाड मोडलेलं असताना खेळली. तुझे डोळे चमकत होते. बघा अप्पा, काय बाई आहे! मी हो म्हणालो. पण त्या रात्री मला झोप नाही. मला तिच्या हाडाची काळजी नव्हती, तिच्याभोवती डॉक्टर असतील दहा. मला तुझ्या डोळ्यांची काळजी होती. मी मनात म्हटलं, ही पोरगी आता दुखलं तर सांगणार नाही.

आणि तू सांगितलं नाहीस. निघायच्या तीन दिवस आधी रात्री अडीचला मी पाणी प्यायला उठलो, तर तू जिन्यात बसून गुडघ्यावर बर्फाची पिशवी धरलेली. काही नाही, सवय आहे, म्हणालीस. लपवायचं कुठून शिकलीस तेही मला ठाऊक आहे. एका आषाढीला पंढरपूरच्या जादा गाड्या होत्या, माझा घोटा मुरगळलेला. मोज्याच्या आत पट्टी बांधून पाच दिवस उभ्यानं ड्युटी केली, कारण जादा गाडीचा भत्ता मिळतो. भत्ता मिळाला. घोटा अजून थंडीत बोलतो. तू तेव्हा पाच-सहा वर्षांची, मीच तुला म्हणालो होतो, आईला सांगू नको हं. तू नाही सांगितलंस. मला किती कौतुक वाटलं होतं तुझं!

पुढचं जरा भाषण आहे, आवडलं नाही तर सोडून दे. ही तुमची इंडियन विमेन्स लीग आठ संघांची. गेल्या वेळी चौदा मॅच, जानेवारी ते एप्रिल. साडेतीन-चार महिने. बाकीचे आठ महिने कराराचा कागद काय खातो? २०१६-१७ ला ही लीग सुरू झाली तेव्हा तेवढंही नव्हतं, हे खरं, आता परक्या गावी विमानानं नेतात हेही मी सगळ्यांना सांगतो. पण सरकारी नोकरीत खेळाडूंना पाच टक्के जागा आहेत, तुझ्याकडे राज्याची सर्टिफिकेटं आहेत, ती विभागीय क्रीडा उपसंचालकांकडून पडताळून घ्यायची एवढंच काम. रेल्वेत मुलींच्या टीम आहेत. मुक्त विद्यापीठाचा फॉर्म दोन वर्षं कपाटात पडून आहे, तो भर. बी. ए. झालीस तर पुढे कोचिंगचं लायसन्स घे, पीएसआयची परीक्षा दे, काहीही कर, पण एका पायावर

बघ, पुन्हा तिथंच. माफ कर. आईनं आत्ता मागून वाचलं आणि म्हणाली, लेकराला पत्र लिहिताय की मेमो? मेमोच झाला. पण फाडत नाही, दोनदा लिहायचा उरक नाही आता.

इकडं तुरी वाळल्यात, काढायला माणसं मिळत नाहीत, सगळे ऊसतोडीला गेलेत. मामाच्या शेतात हुरडा झाला, तुझ्या वाटणीचा बारक्यानं खाल्ला. आजीला सांगितलं आहे की तू बँकेच्या कामाला गेलीस. ती विचारते, बँकेत बूट कामून लागतेत?

आता खरं कारण. पत्र खोक्यात जागा उरली म्हणून नाही लिहिलं.

फॉर्म शोधायला कपाट उघडलं तर त्याच फाइलमध्ये फिजिओच्या चाचणीचा कागद होता. एका पायावर उडी, डावा-उजवा. पास व्हायला नव्वद टक्के लागतात, हे तूच मला शिकवलं होतंस. घरी येऊन म्हणालीस, झाले पास. आईनं त्या दिवशी शिरा केला. कागदावर चौऱ्याऐंशी लिहिलंय. खाली पुन्हा सहा आठवड्यांनी चाचणी असं लिहिलंय, अन् तारीख.

आईला सांगितलं नाही. तिला अजून शिराच माहीत आहे. तुझ्या कोचबाईंचा नंबर माझ्याकडे आहे, तूच दिला होतास, अडीअडचणीला. दोन दिवस फोन हातात घेऊन ठेवतोय. लावला नाही. लावणारही नाही. आमच्या गाडीत एक बेल म्हणजे थांब, दोन म्हणजे निघ. दोरी कंडक्टरच्या हातात असते, पण ही गाडी माझी नाही, एवढं मला कळतं. दोन वर्षं एकदा दोरी ओढून बसलो होतो, ते पुरे.

मूळ कागद पट्ट्याच्या घडीत ठेवला आहे. झेरॉक्स काढलेली नाही. माझ्याकडे काही ठेवलं नाही. तिथल्या फिजिओला तो दाखव, नाहीतर दाखवू नको. दाखवलास तर मला फक्त मिस कॉल दे, बोलू नको, मी समजेन.

चटणीच्या डब्याचं झाकण घट्ट आहे, उलट्या बाजूनं फिरव.

तुझा
अप्पा

ता. क. पट्टा बांधायचीस तो गज थोडा वाकला आहे. सुतारानं विचारलं, सरळ करू का. म्हटलं, राहू दे, ती परत आल्यावर तिलाच लागेल.