भुसावळच्या काकांना जाहीर आभारपत्र

आदरणीय काका,
सादर नमस्कार.

तोंडावर आभार मानू लागलो की तुम्ही विषय बदलता, म्हणून हे पत्र जाहीरपणे लिहीत आहे.

गेल्या मे महिन्यात मी जळगावहून हार्ड डिस्क घेऊन तुमच्याकडे आलो, तेव्हा जुन्या रॉक संगीताचा उत्तम संग्रह माझ्याजवळ आहे, याविषयी मला शंका नव्हती. कॉलेजात मित्रांकडून गोळा केलेल्या १२८ केबीपीएसच्या (म्हणजे सेकंदाला १२८ किलोबिट माहितीच्या) एमपीथ्री फाइली मी रात्री जागून फ्लॅक या, आवाजातले काहीही न गाळणाऱ्या प्रकारात बदलल्या होत्या आणि आकार वाढला म्हणजे आवाजही सुधारला, असे धरून चाललो होतो. तुम्ही त्यांतली एक फाइल उघडून तिचा स्पेक्ट्रम, म्हणजे तिच्यात किती कंपनसंख्येपर्यंतचे ध्वनी आहेत याचा आलेख, दाखवलात. १६,००० हर्ट्झच्या आसपास आलेख सरळ रेषेत तुटला होता आणि वर नुसता काळोख होता. एमपीथ्री करताना कानाला जाणवणार नाहीत असे मानून जे ध्वनी गाळले जातात, ते नंतर फाइलीचा प्रकार बदलल्याने परत येत नाहीत, हे तुम्ही मला जराही न दुखावता समजावून सांगितलेत.

मग माळ्यावरून सीडींची खोकी उतरली. सीडीवर दर सेकंदाला आवाजाचे ४४,१०० नमुने, प्रत्येक १६ बिटांचा, म्हणजे दोन्ही चॅनेल मिळून सुमारे १,४११ केबीपीएस. फ्लॅक हे सारे साधारण निम्म्या-पाऊण जागेत बसवते आणि उलगडल्यावर एकही बिट कमी भरत नाही. ओरखडा पडलेल्या सीडीवर ड्राइव्ह अडकला, तेव्हा ती गोल न पुसता मधून कडेकडे सरळ पुसायची, हे तुम्ही स्वतः मऊ कापड घेऊन दाखवलेत. ३२० केबीपीएसची चांगली एमपीथ्री आणि फ्लॅक यांतला फरक पुष्कळदा ओळखू येत नाही, हेही तुम्ही लपवले नाहीत. या प्रामाणिकपणामुळे तुमच्या बाकीच्या शब्दांवर माझा विश्वास बसला.

त्या दुपारी भुसावळच्या उन्हात तुम्ही कूलर आणि पंखा दोन्ही बंद केलेत आणि लेड झेपेलिन या ब्रिटिश रॉक बँडचे १९७१ सालचे 'व्हेन द लेव्ही ब्रेक्स' लावलेत. हेडली ग्रेंज या जुन्या घराच्या जिन्याखालच्या दालनात बँडचा ड्रमर जॉन बॉनम याचे ड्रम्स मांडून वर जिन्यात मायक्रोफोन टांगले होते, असे तुम्ही आधीच सांगितले होते. माझ्या फाइलीत सिम्बलचा (ड्रम्ससोबतच्या झांजेचा) आवाज पाण्याखालून आल्यासारखा चरचरत असे. इथे प्रत्येक ठोक्यामागून त्या जिन्याची उंची ऐकू येत होती आणि सिम्बलचा नाद स्वच्छ विरत होता. वर्षानुवर्षे ऐकलेले गाणे त्या दिवशी प्रथमच पुरते कानी पडले. घामाने सदरा भिजला होता, तरी पंखा लावावासा वाटला नाही.

जुन्या फाइली मी पुसून टाकल्या आहेत. तुमच्या चाळीस सीडी उतरवून झाल्या असून त्या येत्या रविवारी सकाळच्या गाडीने परत आणतो. दुसरे खोके तेव्हा न्यावे म्हणतो.

आपला कृतज्ञ,
जळगावचा एक श्रोता