खिशातल्या कॅसेटची उरलेली हकीकत

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

घरच्या घरी गाणी ध्वनिमुद्रित करणाऱ्या तरुणांवरचा आपल्या रविवार पुरवणीतील लेख वाचला. मुलांचे कौतुक योग्यच आहे. मात्र अमेरिकन रॉक गायक ब्रूस स्प्रिंगस्टीनच्या ‘नेब्रास्का’ या अल्बमचा दाखला देऊन ‘महागडा स्टुडिओ हवाच कशाला’ असा जो निष्कर्ष त्यात काढला आहे, तो अर्ध्या हकिकतीवर उभा आहे. कॅसेटवरचे आवाज सीडीसाठी उतरवून देण्यात माझी बरीच वर्षे गेली, म्हणून उरलेली अर्धी कळवावीशी वाटली.

जानेवारी १९८२ मध्ये न्यू जर्सीतील कोल्ट्स नेक येथे, भाड्याच्या घरातील झोपण्याच्या खोलीत, स्प्रिंगस्टीनने यातली बहुतेक गाणी एकट्याने ध्वनिमुद्रित केली, हे खरे. हाताशी शुअर कंपनीचे दोन मायक्रोफोन आणि टीॲकचे चार ट्रॅकचे (म्हणजे फितीवर शेजारीशेजारी चार वेगळे आवाज भरणारे) यंत्र होते. एरवी कॅसेटच्या एका बाजूला दोन आणि उलटल्यावर दुसऱ्या बाजूला दोन ट्रॅक वाजतात. हे यंत्र फीत दुप्पट वेगाने पळवून चारही ट्रॅक एकाच दिशेने वापरत असे, त्यामुळे आधी गळा आणि गिटार, मग उरलेल्या दोन ट्रॅकवर माउथऑर्गन किंवा आणखी एखादा आवाज, एवढीच सोय होती. पण हे सारे ई स्ट्रीट बँड या आपल्या साथीदार वादकांना गाणी ऐकवण्यासाठी केलेला कच्चा खर्डा होता, ही गोष्ट लेखातून निसटली आहे. चार ट्रॅक पॅनासॉनिकच्या टेपरेकॉर्डरवर एकत्र उतरवलेली ती कॅसेट डबीशिवाय खिशात घालून हा गृहस्थ हिंडत होता. (आमच्याकडे कोणी तशी कॅसेट आणली असती, तर मी आधी त्याची कानउघाडणी केली असती.)

पुढे न्यूयॉर्कच्या पॉवर स्टेशन स्टुडिओत बँडसह ही गाणी करून पाहिली. वादक कसलेले, यंत्रे उत्तम, तरीही खोलीतल्या आवाजातला एकटेपणा तिथे उतरेना. त्याच कॅसेटवरचे ‘बॉर्न इन द यू.एस.ए.’ मात्र बँडच्या हाती असे खुलले की १९८४ च्या अल्बमला त्याचेच नाव मिळाले. म्हणजे घर चांगले आणि स्टुडिओ वाईट, असा सरळ हिशेब इथेही नाही.

अखेर खिशातलीच कॅसेट बाजारात आणायचे ठरले आणि खरी कसरत सुरू झाली. एका भजनी मंडळाने घरी भरलेली कॅसेट मी एकदा सीडीसाठी उतरवली होती. हेडजवळचा (फितीवरचा आवाज वाचणाऱ्या भागाजवळचा) बारीक स्क्रू केसभर फिरवला की झांजा स्वच्छ वाजत, पण फितीची सरसरही तितकीच वर येई. ती दाबावी तर बुवांचा आवाज घोंगडीआडून आल्यासारखा होई. तीन मिनिटांच्या एका अभंगासाठी अख्खी दुपार गेली. ‘नेब्रास्का’च्या वेळी तर क्षीण पातळीच्या अशा आवाजावरून तबकडीची, म्हणजे रेकॉर्डची, सुई जिच्यातून फिरते ती खाच कापायची होती. नाणावलेल्या तंत्रज्ञांचे प्रयत्न फसले, केवळ कॅसेटच्या रूपात अल्बम काढावा असाही विचार झाला, आणि शेवटी अटलांटिक स्टुडिओच्या डेनिस किंग यांना तो आवाज तबकडीवर बसवता आला. ३० सप्टेंबर १९८२ रोजी अल्बम प्रसिद्ध झाला. खोलीत लागलेले थोडे दिवस लेखात आले आहेत, या कामात गेलेले महिने आलेले नाहीत.

त्यामुळे पुढील लेखात शक्य झाल्यास डेनिस किंग यांचा उल्लेख व्हावा, ही विनंती. बँडसह केलेली ती ध्वनिमुद्रणेही २०२५ मध्ये प्रसिद्ध झाली आहेत; लेखकाने ‘अटलांटिक सिटी’ हे गाणे दोन्हीकडचे लागोपाठ ऐकावे, शक्यतो हेडफोन लावून.

आपला,
एक निवृत्त ध्वनिमुद्रक, पुणे