मा. आदिवासी विकास मंत्र्यांना खुले पत्र: चार एकरांचे अठरा गुंठे कसे झाले?

मा. मंत्रिमहोदय,
स.न.वि.वि.

वनहक्काचा पट्टा अखेर हाती आला, त्याबद्दल आभार. दावा चार एकरांचा होता, पट्टा अठरा गुंठ्यांचा आहे. नागलीचं सपाट तेवढं माझं. नागलीच्या रोपांसाठी पालापाचोळा जाळून राब भाजतो तो उतार, आजोबांनी लावलेला आंबा आणि वाघदेवाचा दगड वनखात्याचा. वाघबारशीला नारळ फोडायला आता गार्डची परवानगी काढायची का, तेवढं कळवावं.

वनहक्क कायदा २००६ चा. १३ डिसेंबर २००५ च्या आधीपासूनचा ताबा दाखवा, म्हाताऱ्यांचा जबाबही पुरावा धरा, असं नियमांतच आहे. ग्रामसभेने ठराव दिला, म्हातारीने अंगठा दिला. वरच्या साहेबांनी उपग्रहाचा फोटो पाहिला आणि जुना ताबा दाखवायला वनखात्याने केलेल्या दंडाच्या जुन्या पावत्या मागितल्या. साहेब, आमच्याकडे दंड कोंबड्यांत भरला जायचा. कोंबडीची पावती कोण फाडतं? जमीन कापली तर कारण लेखी द्यायचं, हाही नियमच. माझ्या कागदावर कारणाच्या जागी रेघ ओढलीय.

मार्च २०१८ मध्ये शेतकऱ्यांच्या लाँग मार्चमध्ये नाशिकहून मुंबईला चालत आलो, १८० किलोमीटर. तळव्यांची सालं निघाली होती, तरी दहावीच्या पोरांच्या परीक्षेला अडचण नको म्हणून आझाद मैदान रात्रीच गाठलं. सरकारने लिहून दिलं, सहा महिन्यांत दावे निकाली काढू. ते सहा महिने कुठल्या पंचांगातले? तोवर सातबारा नाही म्हणून सोसायटी कर्ज देईना. दिवाळी झाली की घरदार द्राक्षबागांत मजुरीला, आणि पोरीची शाळा तिथेच सुटते, दरसाल.

राज्यातून साडेतीन लाखांवर दावे दाखल झालेत म्हणतात. २०१९ च्या फेब्रुवारीत तर सुप्रीम कोर्टाने दावे फेटाळलेल्यांना बाहेर काढायलाच सांगितलं. त्याच महिन्यात स्थगिती आली म्हणून वाचलो. इंग्रजांनी १९२७ ला जंगलाचा कायदा केला, इंग्रज गेले, वनखात्याचा राऊंड ऑफिसर राहिला. पुतण्याने मोबाईलवर चिली देशातल्या मापुचे आदिवासींचं वाचून दाखवलं. आधी फौजेने मुलूख घेतला, मग १९७४ च्या हुकमाने अनुदान देऊन पाइन-निलगिरी लावली, त्यांच्या हक्काच्या जमिनींवरसुद्धा. तुमच्या खात्यांना चिलीकडून शिकण्यासारखं काही उरलेलं दिसत नाही.

ग्रामसभेसमोर फेरमोजणी लावा. कापलेल्या जमिनीचं कारण लेखी द्या, अपिलाची साठ दिवसांची मुदत चालू आहे. नागली मात्र चारही एकरांत पडेल, हे आताच सांगून ठेवतो.

आपला,
नाशिक जिल्ह्यातला एक दावेदार