दाइसुके कातोबद्दल पण लिहा की

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

पुरवणीत जपानी सिनेमावर लेख आला की गाडी दिग्दर्शक कुरोसावा आणि नट मिफुनेपाशीच थांबते. ते मोठेच आहेत, वादच नाही, पण ज्यांच्या जिवावर ते सिनेमे उभे राहिले त्या दुय्यम नटांवर कोणी चार ओळी लिहीत नाही याचं खरंच वाईट वाटतं.

कुरोसावाच्या ‘सेव्हन सामुराई’मधला शिचिरोजी आठवतोय का, सामुराईंचा म्होरक्या कांबेई याचा जुना साथीदार, गोल चेहऱ्याचा, शेवटी वाचतात त्या तिघांतला एक? तो दाइसुके कातो. जन्म १९११, घर नाटकवाल्यांचं, बहीण सादाको सावामुरा पण नामवंत नटी. दुसऱ्या महायुद्धाआधी हा झेनशिन्झा नाटक कंपनीत होता, मग १९४३ ला सैन्यात बोलावलं आणि रवानगी झाली ऑस्ट्रेलियाच्या उत्तरेकडच्या न्यू गिनी बेटावर, मानोक्वारीला. अमेरिकन फौजा तिथून पुढे निघून गेल्या, जपानी सैनिक रसदीशिवाय अडकून पडले, भूक आणि मलेरियानं माणसं मरत होती, आणि अशा ठिकाणी कातोनं सैनिकांमधूनच माणसं गोळा करून नाटक मंडळी उभी केली! एका नाटकात स्टेजवर कागदाचा बर्फ पाडला तर उत्तर जपानकडचे सैनिक रडायला लागले. विषुववृत्ताजवळ, जंगलात, घरी परत जाऊ की नाही माहीत नाही, विचार करा.

परत आल्यावर त्यानं सिनेमात पाय रोवले. ‘राशोमोन’मध्ये दरोडेखोराला पकडणारा शिपाई तोच, ‘योजिंबो’मधला जाड भुवयांचा बिनडोक इनोकिची पण तोच, शिवाय तोहो स्टुडिओच्या ‘शाचो’ (म्हणजे कंपनीचा साहेब) कॉमेडी सिनेमांतून तो घराघरात पोचला. न्यू गिनीच्या आठवणींचं पुस्तक लिहिलं, त्यावर १९६१ ला सिनेमा निघाला आणि त्यात स्वतःचीच भूमिका केली.

पण मला सगळ्यात भारी वाटतो तो दिग्दर्शक ओझूच्या १९६२ च्या शेवटच्या सिनेमातला (‘अ‍ॅन ऑटम आफ्टरनून’) सीन. बारमध्ये नौदलाचं मार्च गाणं लागतं, कातो सॅल्यूट ठोकत गोल फिरतो, आपण जिंकलो असतो तर काय झालं असतं असं बडबडतो, आणि त्याचा जुना कॅप्टन म्हणतो की हरलो तेच बरं झालं. तेव्हा हा जरा विचार करून म्हणतो, असेलही, निदान मूर्ख लोकांची अरेरावी तरी संपली. लोक हसतात तिथे, पण ज्यानं उपाशी मरणारे सोबती खरोखर बघितले तो माणूस हे बोलतोय हे माहीत असलं की तो सीन वेगळाच लागतो, म्हणून नटाची माहिती वाचकाला मिळायला हवी असं माझं म्हणणं आहे.

कातो १९७५ ला गेला. पुढच्या वेळी जपानी सिनेमावर पान काढाल तेव्हा त्याला अर्धा कॉलम द्या, आणि जमलं तर ‘सेव्हन सामुराई’मधल्याच सेइजी मियागुची, मिनोरू चिआकी या नटांनाही.

आपला,
एक नियमित वाचक