सारंगखेड्याच्या बाजारात सुईकडेही लक्ष हवे

दत्तजयंतीला तापीकाठी सारंगखेड्यात घोड्यांचा मोठा बाजार भरतो. घोड्यांच्या संसर्गजन्य रक्तक्षयाचा विषाणू घोडमाश्या पसरवतात. चावताना घोड्याने शेपूट झटकली, की माशी उडते आणि तोंडाला लागलेल्या ओल्या रक्तासह शेजारच्या घोड्यावर बसते. पण आपली सुईही तेच काम करते! एकाच सुईने ओळीने इंजेक्शने देणे तर थांबायलाच हवे. या रोगावर आपल्याकडे ना लस, ना इलाज. वरून धडधाकट दिसणारे जनावरही जन्मभर विषाणू बाळगते. रक्त तपासल्याशिवाय ते कळत नाही. हिसारच्या राष्ट्रीय अश्व संशोधन केंद्रात ही तपासणी होते. पशुसंवर्धन विभागाने तिचा दाखला पाहूनच घोडा बाजारात येऊ द्यावा.

– एक अश्वपालक, शहादा (जि. नंदुरबार)